तळहातावरचा जॅम

आमच्या घरात कुणी कुणाचं कौतुक करत नाही. खाली बेकरी, वर घर. बेकरी सुरू केली माझ्या जावयाच्या वडिलांनी, आणि त्यांनी घालून दिलेला एक नियम अजून चालतो. केलेला पदार्थ जमला की नाही हे खाणाऱ्याला विचारायचं नाही. त्याच्या हाताकडे बघायचं. एक खाऊन झाल्यावर, कुणी आग्रह न करता, हात आपणहून दुसऱ्याकडे गेला तर पास. नाही गेला तर नापास. "तोंड भिडेखातर खोटं बोलतं, हात बोलत नाही," असं ते म्हणायचे म्हणे.

मी या घरात लेकीकडे राहतो. लोकांकडे घरजावई असतात, तसा मी इथला घरसासरा. जन्मभर शाळेत लहान मुलांना शिकवलं, म्हणून गल्लीत सगळे मला मास्तर म्हणतात, जावईसुद्धा. मला पाव करता येत नाही, त्यामुळे बेकरीत माझं काम एकच. ताजा पाव आला की चहात बुडवून संपवणं.

माझ्या नातीला घरात सगळे भिंगरी म्हणतात. जिन्याच्या शेवटच्या पायऱ्या ती कधी उतरत नाही, उडी मारते. दार उघडत नाही, दारावर आदळते. आणि या मुलीला गेली दोन वर्षं एकच गोष्ट हवी होती, ती म्हणजे एप्रन.

साधा पांढरा एप्रन, पण तो मागून मिळत नाही. शाळेला मोठी सुट्टी लागण्याआधीच्या रविवारी बेकरी दुपारी बंद असते. त्या दिवशी ज्याला बेकरीत कामाला यायचंय त्यानं वरच्या घरातल्या लहान ओव्हनमध्ये काहीतरी एकट्यानं करायचं आणि चहाच्या वेळी माझ्या जावयापुढे ठेवायचं. हात दुसऱ्याकडे गेला तर एप्रन, आणि सुट्टीभर पहाटे खालच्या मोठ्या टेबलाशी जागा. नाहीतर पुढच्या वर्षी. भिंगरीच्या दादाला एप्रन मिळून बरेच दिवस झाले होते. भिंगरीनं गेल्या वर्षी पाव केला होता. वरून जळका, आतून कच्चा. तिच्या वडिलांनी एक तुकडा खाल्ला, हात झटकले आणि उठले. ती रडली नाही. पण आठवडाभर तिनं पाव तोंडात घातला नाही, आणि बेकरीवाल्याच्या घरात पाव न खाणं म्हणजे उपासच की.

या वर्षी शुक्रवारी जेवताना तिनं जाहीर केलं, "मी स्कोन करणार आहे. मनुके घालून."

तिचे वडील घास हातात धरून थांबले. "स्कोन? ते जाड बिस्किटासारखे, न मळता करतात ते?"

"हो."

"न मळता काय होतं? आळशी माणसाचं काम ते. पीठ भिजवलं आणि ढकललं आत."

"मग सोपंच असेल," दादा म्हणाला. "हिला बरं जमेल."

"घरात कुणालाच येत नाही ना, म्हणून करणार आहे," भिंगरी म्हणाली. "पाव करायला घेतला की सगळे नाक खुपसतात. हे असं नाही, ते तसं नाही. आता बोला!"

"आजोबांना येतं की," माझी लेक वाढता वाढता म्हणाली. "माझी आई आणि ते दर रविवारी करायचे."

सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं. इतक्या वर्षांत या घरात कुणी माझ्याकडे स्वयंपाकाच्या संदर्भात पाहिलं नव्हतं. मी होकाराची मान हलवली.

जावई हसले. "चालेल. मास्तरांनी तोंड चालवलं तर माझी हरकत नाही. हात मात्र तुझेच पाहिजेत."

मी माझी बोटं वर करून दाखवली. सांधे सुजलेले, वाकडी झालेली. "या हातांची भीती नको," म्हटलं.

दुसऱ्या दिवशी शाळेला सुट्टी होती. सकाळीच भिंगरीनं ओट्यावर सामान मांडलं. मैदा, बेकिंग पावडर, चिमूटभर मीठ, साखर, फ्रिजमधलं घट्ट बटर, थंड ताक आणि वाटीभर मनुके. मी तिला काय घालायचं आणि कुठल्या क्रमानं, एवढं सांगितलं आणि खुर्ची ओढून बसलो.

बटरचे तुकडे तिनं मैद्यात टाकले आणि बोटांच्या टोकांनी चोळायला लागली. ते काम तिनं फार छान केलं. रवाळ, भुरभुरीत. मनुके घातले, ताक ओतलं, पीठ एकत्र आलं. आणि इथं ज्याची मला भीती होती तेच झालं. ती किंचित उंच झाली. टाचा वर, खांदे पुढे, आणि दोन्ही तळवे त्या पिठावर. ढकल, दुमड, वळव. ढकल, दुमड, वळव. तिच्या वडिलांची हुबेहूब नक्कल. लहान असताना ती मैद्याच्या पोत्यावर बसून हेच बघत मोठी झाली आहे. "मळ, अजून मळ, पिठावर तेज आलं पाहिजे," हे वाक्य या घरात इतरांच्या घरी "हात धू" म्हणतात तसं म्हटलं जातं.

मी खुर्चीतून उठलो नाही. मुलाच्या हातातून पेन्सिल काढून घेऊन अक्षर सुधारत नाही, हे मला फार पूर्वी कळलं आहे.

पिठावर तेज आलं. त्याचे गोल कापले, भाजले. बाहेर आले ते बुटके, गुळगुळीत आणि टणक.

दादानं एक उचलून टेबलावर ठोकला. टक्‌ असा आवाज आला. "छान झालेत गं. एक दाराखाली लावू. वाऱ्यानं आपटणार नाही."

"तू जा इथून!"

"जातो. एक डोक्यावर पडला तर दवाखान्यात न्यायला लागेल." आणि तो खाली पळाला.

भिंगरीनं ट्रे दूर ढकलला. मी शेजारची रिकामी खुर्ची पुढे ओढली.

"चूक आली ना घरी? बसव तिला."

हे माझं शाळेतलं वाक्य. ती लहानपणापासून ऐकत आली आहे.

"मला नाही बसवायची. हाकलायची आहे."

"हाकललीस तर मागच्या दारानं परत येईल. बसव आणि विचार, बाई, तुम्ही कुठून आलात?"

नाक पुसत ती खुर्चीसमोर उभी राहिली. मग एक स्कोन तिनं दोन्ही हातांनी तोडला. तो तुटला नाही, ताणला गेला. तिनं आत निरखून पाहिलं. मग डब्यातला पाव काढून तोडला, आणि दोन्ही शेजारी ठेवले.

"आजोबा, आत सारखेच आहेत. धागे धागे." तिनं दोन्ही तुकडे चिमटीत धरून पुन्हा ओढून पाहिले. "मी पावच केलाय. यीस्ट न घातलेला पाव."

"मग बाई कुठून आल्या?"

"खालून," ती म्हणाली. "बेकरीतून."

"मळलं की पीठ चिवट होतं. पावाला तेच हवं असतं. आत हवा धरून ठेवायला बळ लागतं. स्कोनला बळ नको. त्याला मोडता आलं पाहिजे."

"एवढंच ना? मळायचं नाही. सोपं आहे."

तिनं पुन्हा सगळं घेतलं. या वेळी ती स्वतःशी मोठ्यानं म्हणत होती, "मळायचं नाही, मळायचं नाही." बटर चोळलं. ताक ओतलं. सुरीनं हलवून पीठ गोळा केलं. मग ते ओट्यावर काढलं आणि मला म्हणाली, "बघा, मी अजिबात..." आणि बोलता बोलता टाचा वर झाल्या. ढकल, दुमड, वळव. तिसऱ्या वळणाला तिच्या लक्षात आलं आणि चटका बसल्यासारखे तिनं हात मागे घेतले.

"मला माहीत आहे, आजोबा," ती रडवेली होऊन म्हणाली. "पण हातांना माहीत नाही."

मी शाळेत शिकवत होतो तेव्हा यापेक्षा चांगलं उत्तर मला कुणी दिल्याचं आठवत नाही. मी तिला तसं सांगितलं. पण उत्तर चांगलं असून स्कोन होत नाहीत. ते दुसरे सकाळच्यांपेक्षा थोडे बरे झाले, म्हणजे दाताला धोका नव्हता इतकंच. दुपारी ती गॅलरीत बसून राहिली, आपल्याच हातांकडे रागानं बघत.

रविवारी सकाळी नाश्त्याला दादानं पावाला गुपचूप जॅम लावला. लावताना थोडा तळहातावर पडला असावा. तो उठला, खुर्ची सरकवली, फ्रिज उघडला, शर्ट खाली ओढला.

"जॅमची बाटली परत उघडलीस ना?" त्याची आई म्हणाली. "काल सांगितलं होतं, पाहुण्यांसाठी ठेवली आहे."

"मी? नाही तर!"

"शर्ट बघ. फ्रिजचं दार बघ. खुर्ची बघ."

सगळीकडे लाल ठसे उमटले होते. दादा ओशाळून हसला. भिंगरी मात्र हसली नाही. ती त्या फ्रिजच्या दाराकडे टक लावून बघत होती. मग तिनं दादाला विचारलं, "तुला कळलंच नाही हाताला लागलाय ते?"

"कळलं असतं तर धुतला नसता का, शहाणे?"

"म्हणजे तुला कळलं नाही, पण जॅमनं सांगितलं," ती हळूच म्हणाली, आणि बाटली उचलून स्वयंपाकघरात निघून गेली. तिची आई काही म्हणणार होती. मी हात वर केला. ती थांबली.

दुपारी खालचं शटर पडल्याचा आवाज आला. भिंगरीनं हात कोपरापर्यंत स्वच्छ धुतले, पुसले आणि प्रत्येक तळव्याच्या मधोमध, जिथं खळगा पडतो तिथं, जॅमचा एक लाल ठिपका ठेवला.

"हा चहाडखोर आहे," तिनं मला समजावलं. "तळवा टेकला की पीठ लाल. बोटांनी काम केलं तर काही नाही."

मी खुर्चीवर नीट बसलो. मी सांगावं असं तिनं काही ठेवलं नव्हतं.

ओव्हन तापत ठेवला. बटर चोळताना तिची बोटं खाली आणि तळवे वर, जणू ती पाण्यावरून काहीतरी अलगद उचलत होती. मनुके तिनं आधी कोरड्या मैद्यात घोळवले, म्हणजे ते एकमेकांना चिकटून बसत नाहीत. ताक ओतून सुरीनं हलवलं, आणि पीठ जेमतेम एकत्र आल्यावर थांबली. ओट्यावर काढलेला गोळा फाटका होता. कडेनं कोरडा मैदा दिसत होता, मनुके बाहेर डोकावत होते.

"आजोबा, हे बघवत नाही," ती म्हणाली. "बाबांनी बघितलं तर म्हणतील झोपेत केलंय."

"तुझे हात काय म्हणतात?"

"म्हणतात, दे ना, थोडंसं मळू दे."

"आणि ठिपके?"

तिनं तळवे उलटून पाहिले. लाल ठिपके जिथल्या तिथे. "ठिपके गप्प आहेत."

"मग तूही गप्प बस."

बोटांनीच थापून तिनं पीठ जाडसर पसरलं. ग्लासच्या कडेला मैदा लावून गोल कापायला घेतले. पहिला कापताना ग्लास फिरवायला लागली, तेव्हा मी एकदाच तोंड चालवलं. "बाटलीचं झाकण नाही ते. शिक्का मारतात तसं, सरळ खाली." तिनं शिक्का मारला. गोल तिनं ट्रेमध्ये एकमेकांना जवळजवळ खेटून ठेवले, म्हणजे बाजूला पसरायला जागा नाही आणि वर जाण्यावाचून गत्यंतर नाही. वरून दुधाचं बोट फिरवलं.

उरलेल्या कडा गोळा करून तिनं शेवटचा एक करायला घेतला. तुकडे धड जुळत नव्हते, तिनं दाबले, आणि हात उचलला तेव्हा त्या गोळ्यावर लाल ठसा उमटला होता.

ती त्याच्याकडे बघत राहिली. "हा मी खाऊन टाकते. कुणाला कळणार नाही."

मी खिडकीबाहेर बघत होतो.

"नको," ती स्वतःच म्हणाली. "केलाय ना मी? राहू दे." आणि तो ट्रेच्या कोपऱ्यात ठेवून दिला.

ओव्हनच्या काचेला नाक लावून ती उभी राहिली. थोडा वेळ काहीच झालं नाही. मग एकेक गोल उंच व्हायला लागला. त्यांच्या कंबरेला भेग पडली, डोकी तांबूस झाली. भिंगरीनं मागे न बघता माझी बाही पकडली आणि सोडली नाही.

चहाच्या वेळी सगळे जमले. जावई घरच्या कपड्यांत, केस विंचरून, परीक्षक म्हणून बसले. भिंगरीनं ताट समोर ठेवलं. लाल ठसा असलेला स्कोनही त्यात होता, सगळ्यांना दिसेल असा.

जावयांनी एक उचलला आणि सुरीकडे हात नेला.

"सुरी नको," भिंगरी म्हणाली. "हातानं उघडा. भेगेत बोटं घाला."

दादानं डोळे मोठे केले. या घरात असं बोलायची पद्धत नव्हती. पण जावयांनी सुरी ठेवली. स्कोन भेगेत मोडला, वाफ निघाली, आतला भाग पांढरा, मऊ, भुगा होऊ घातलेला. त्यांनी खाल्ला. सावकाश खाल्ला. चेहऱ्यावर काही दिसलं नाही, ते कधीच दिसत नाही. चहाचा घोट घेतला. बोटं पुसली.

आणि हात मांडीवर ठेवले.

भिंगरी त्या हातांकडेच बघत होती. माझी लेक चहात साखर ढवळत राहिली, साखर केव्हाच विरघळली होती.

"हे काय?" जावयांनी त्या लाल ठशाकडे हनुवटीनं खूण केली. "हा असा का?"

"तो मळला गेलाय," भिंगरी सरळ म्हणाली, आणि तिनं तळवे पुढे करून ठिपक्यांची सगळी गोष्ट सांगितली. जावई ऐकता ऐकता हसायला लागले.

"हातांना सवय म्हणे! अगं, हात आपल्या ताब्यात असतात. मी मळायचं नाही म्हटलं की नाही मळणार."

"करून दाखवा."

"आत्ता?"

"ओव्हन गरम आहे," भिंगरी म्हणाली. "सामान आहे. जॅमही आहे."

"बाबा, जाऊ नका, फसाल," दादा म्हणाला, पण त्याचं ऐकणार कोण. जावई बाह्या सरसावून उठले. भिंगरीनं त्यांचे ते रुंद तळवे हातात घेतले आणि चांगला सढळ हातानं जॅम ठेवला. आम्ही सगळे कपबश्या घेऊन स्वयंपाकघराच्या दारात उभे राहिलो.

बटर त्यांनी झकास चोळलं. ताक अंदाजानं घातलं, अचूक. "बघा," ते आमच्याकडे वळून म्हणाले, "बोटं, फक्त बोटं. मास्तर, यात काय एवढं..." आणि गेलेच. टाचा वर, खांदे पुढे. ढकल, दुमड, वळव. इतक्या वर्षांची पहाट त्या हातांत होती, ती काय दुपार आहे म्हणून थांबते? त्यांनी खाली पाहिलं तेव्हा गोळा गुलाबी झाला होता.

दादा जमिनीवर बसून हसत होता. माझी लेक पदर तोंडाला लावून ओट्याला टेकली.

जावई स्वतःच्या हातांकडे असे बघत होते, जणू ते शेजाऱ्याचे आहेत. "अरेच्चा," एवढंच म्हणाले.

भिंगरी हसली नाही. तिनं स्वयंपाकघरातली खुर्ची ओढून आणली.

"बाबा, बसवा तिला," ती अगदी मायेनं म्हणाली. "आणि विचारा, बाई, तुम्ही कुठून आलात?"

मी चष्मा काढून पुसला.

गोळा कापून ट्रे आत गेला. जावई हात धुऊन परत टेबलाशी आले, पण बसले नाहीत. उभ्या उभ्याच बोलत राहिले. "म्हणजे बटर पिठात पूर्ण मिसळू द्यायचं नाही. मळलं की ते वितळतं, आणि पीठ ताणलं जातं. मग ताक शेवटी, आणि हात लावायचाच नाही. आळशी माणसाचं काम नाही हे. आळशी माणसाला जमायचं नाही. इथं हात आवरायला लागतो..." बोलता बोलता त्यांचा हात ताटाकडे गेला. एक स्कोन उचलला, भेगेत बोटं घालून उघडला, अर्धा तोंडात टाकला. "खाली असं काहीच नाही आपण करत. पण रविवारी सकाळी ट्रेभर..."

दादा पुटपुटला, "बाबा, तो..."

माझ्या लेकीनं त्याचा पाय दाबला. मी भिंगरीकडे पाहिलं. जिला जिना उतरण्याइतकाही दम धरवत नाही ती पोरगी ओठ घट्ट मिटून, दोन्ही हात मागे बांधून उभी होती. हात बघत होती.

जावयांनी उरलेला अर्धा संपवला आणि तिसऱ्याकडे, त्या लाल ठशाच्या स्कोनकडे हात नेला. खाल्ला. "हा जरा चिवट आहे."

"सांगितलं होतं," भिंगरी म्हणाली.

तेव्हा कुठे त्यांनी ताटाकडे पाहिलं, मग स्वतःच्या बोटांकडे, मग तिच्याकडे. ते खाली गेले. शटर अर्धं वर झाल्याचा आवाज आला. परत आले तेव्हा खांद्यावर घडी केलेला एप्रन होता.

"लांब होईल तुला," ते म्हणाले. "आईला सांग, खालून दुमडून दे. आणि पहाटे उठवायला मी दोनदा येणार नाही."

"एकदाही यायला नको," भिंगरी म्हणाली. एप्रन जमिनीला लागत होता तरी तिनं तो लगेच बांधला. मग तो वर धरून ती ओव्हनकडे गेली, कारण आतला ट्रे तयार झाला होता.

जावयांचे स्कोन गुलाबी, बुटके आणि फार देखणे झाले होते. गुळगुळीत, वर चकाकी. भिंगरीनं सगळ्यांना बसायला सांगितलं आणि एक उचलला. उघडायला गेली तर तो ताणला गेला. तिनं तो शेवटपर्यंत चावून चावून खाल्ला. परीक्षकानं कसं खावं हे तिनं वडिलांकडूनच पाहिलं होतं. जावई टेबलावर पुढे झुकून तिच्या हाताकडे बघत होते, आणि दादा वडिलांच्या तोंडाकडे.

तिनं चहाचा घोट घेतला. बोटं एप्रनला पुसली. आणि उठली.

"पुढच्या वर्षी, बाबा," ती म्हणाली.